साहेबांच्या नावाने

१९४१ च्या जानेवारीत वेंडेल विल्की लंडनला निघाले होते आणि निघण्यापूर्वी ते फ्रँकलिन रूझवेल्ट यांना भेटायला गेले. आदल्या नोव्हेंबरमध्ये याच रूझवेल्टांविरुद्ध ते अध्यक्षपदाची निवडणूक हरले होते. बोलता बोलता विल्कींनी विचारले, की ज्याच्यावर लोकांचा एवढा अविश्वास आहे त्या हॅरी हॉपकिन्सला तुम्ही इतके जवळ का ठेवता? रूझवेल्टांच्या उत्तराचा आशय असा, की उद्या तुम्ही या खुर्चीत बसलात तर समोरच्या दाराकडे पाहताना तुम्हाला कळेल, त्यातून आत येणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाला तुमच्याकडून काहीतरी हवे असते. मग ज्याला तुमची सेवा करण्यापलीकडे काहीच नको, अशा माणसाची गरज काय असते तेही उमगेल.

राजकीय सल्लागार या पदाचे इतके नेमके समर्थन दुसरे कुणी केल्याचे माझ्या वाचनात नाही, आणि तरीही ते अर्धेच आहे असे मला वाटत आले आहे. ज्याला काही नको त्याच्यापासून धोका नाही, हे त्यातले गृहीतक आहे. परंतु नेत्याच्या इतक्या जवळ बसणाऱ्याला न मागताही एक गोष्ट मिळते, ती म्हणजे नेत्याच्या नावाने बोलण्याची मुभा. ‘साहेबांच्या मनात असे आहे’ हे वाक्य तो दिवसातून कितीतरी वेळा उच्चारतो आणि ऐकणाऱ्याला ते पडताळून पाहण्याचा कोणताही सोयीस्कर मार्ग नसतो. साहेबांना जाऊन विचारावे, तर त्यांची भेट ठरवणाराही हाच. या पदावरच्या माणसांच्या रोजनिशा, आठवणी आणि त्यांच्यावर चाललेल्या चौकशांचे वृत्तान्त मी गेली अनेक वर्षे आवडीने वाचतो, आणि प्रत्येक वेळी माझे लक्ष त्या एका वाक्याकडे जाते. त्यात साहेबांचे मन किती असते आणि सांगणाऱ्याचे किती?

या पदाला देशोदेशी वेगवेगळी नावे आहेत. अमेरिकेत चीफ ऑफ स्टाफ, ब्रिटनमध्ये गेली काही दशके तेच नाव, कॅनडात त्याच्या जोडीला प्रिन्सिपल सेक्रेटरी. भारतात पंतप्रधानांचे प्रधान सचिव हे पद कागदोपत्री प्रशासकीय असले, तरी काही व्यक्तींनी ते बऱ्याच अंशी राजकीय करून टाकले. नाव काहीही असो, सल्ला देणे हा या कामाचा लहान भाग असतो. कुणाला दहा मिनिटे द्यायची आणि कुणाला फोनवरच वाटेला लावायचे, कोणता कागद आज रात्री नेत्याच्या टेबलावर जाईल आणि कोणता ‘चर्चा करावी’ असा शेरा घेऊन पुढच्या आठवड्यापर्यंत रेंगाळेल, हे ठरवण्यात त्याचा बहुतेक दिवस जातो. त्यातच पक्षातले रुसवेफुगवे, मंत्र्यांच्या हद्दीची भांडणे आणि भाषणातल्या एखाद्या वाक्यावरून मध्यरात्रीपर्यंत चाललेली ओढाताण. शिवाय ज्याला पदावरून दूर करायचे आहे त्याला ती बातमी सांगण्याचे कामही बहुधा त्याच्याच वाट्याला येते. कौतुक स्वतः करावे आणि नकार दुसऱ्याकरवी कळवावा, ही नेत्यांची जुनी खोड आहे.

एवढे सगळे करणारा हा माणूस कुणी निवडून दिलेला नसतो. अमेरिकेत त्याच्या नेमणुकीला सिनेटची संमती लागत नाही. ब्रिटनमध्ये तो तात्पुरता सरकारी नोकर असतो. गुणवत्ता आणि निःपक्षपातीपणा या दोन्ही अटींतून त्याला सूट असते आणि पंतप्रधान गेले की त्याची नोकरीही जाते. त्याच्याकडे स्वतःचे असे काहीच नसते आणि सगळे उसने असते, ही गोष्ट तो स्वतः किती काळ लक्षात ठेवतो यावर पुष्कळ काही अवलंबून राहते.

हॉपकिन्सचेच पाहा. विल्की तो प्रश्न विचारत होते तेव्हा हॉपकिन्स इंग्लंडमध्येच होता. तोपर्यंत त्याने व्यापारमंत्रिपद सोडले होते आणि मे १९४० पासून तो व्हाइट हाउसमधल्याच एका खोलीत राहत होता. प्रकृती पोखरलेली, अंगावर चुरगळलेले कपडे, हाती कोणतेही पद नाही. अशा माणसाला चर्चिलनी देशभर फिरवले, कारण त्याच्या तोंडून अमेरिकेचा अध्यक्ष बोलतो अशी त्यांची खात्री होती. ग्लासगोमधल्या एका जेवणाच्या वेळी हॉपकिन्स उठला आणि त्याने बायबलमधल्या रूथचे वचन म्हटले: तू जाशील तेथे मी येईन, तुझे लोक ते माझे लोक, आणि हळूच स्वतःची पुस्ती जोडली, ‘अगदी अखेरपर्यंत’. चर्चिलच्या डोळ्यांत पाणी आले. आता हे वचन कोणी दिले? अमेरिका तेव्हा युद्धात नव्हती, ब्रिटनला युद्धसामग्री उधार देण्याचा कायदा संमत व्हायला मार्च उजाडायचा होता, आणि ‘अखेरपर्यंत’ हा शब्द रूझवेल्टांनी जाहीरपणे कधी उच्चारला नव्हता. काटेकोरपणे पाहिले तर हॉपकिन्सने आपल्या अधिकाराबाहेर जाऊन भाषा वापरली होती.

तरीही मी हॉपकिन्सच्या बाजूने कौल देतो आणि त्याचे कारण ग्लासगोच्या जेवणात नाही. तो तिथून सविस्तर अहवाल पाठवत होता, आपण काय पाहिले आणि चर्चिलविषयी आपले काय मत झाले ते धन्याला कळवत होता. नेत्याच्या नावाने जे बोललो ते नेत्याच्या कानावर घालायचे, म्हणजे पटले नाही तर त्याला ते वेळीच फिरवता येते. एवढे पथ्य पाळले की सल्लागाराची आगाऊ भाषाही उपयोगी पडू शकते.

पहिल्या महायुद्धाच्या काळातले अमेरिकेचे अध्यक्ष वुड्रो विल्सन यांचे स्नेही कर्नल एडवर्ड हाउस यांची गोष्ट वाचताना हेच पथ्य सुटल्याचे जाणवते. हाउस यांनी मंत्रिपद नाकारले होते आणि पडद्याआडच राहणे पसंत केले होते. म्हणजे रूझवेल्टांच्या कसोटीला तेही उतरतात. १९१९ च्या फेब्रुवारीत पॅरिसची तहपरिषद चालू असताना विल्सन महिनाभरासाठी मायदेशी गेले आणि वाटाघाटींसाठी मागे हाउस राहिले. परत आल्यावर विल्सन यांचा ग्रह झाला, की आपण मिळवलेले या माणसाने परस्पर सोडून दिले. हाउस यांनी खरोखर किती सोडले होते यावर इतिहासकारांत दुमत आहे, पण एकदा तसे वाटल्यावर संपलेच. जूनच्या अखेरीस तहावर सह्या झाल्या, त्यानंतर विल्सन यांच्या मृत्यूपर्यंत त्या दोघांची पुन्हा कधी भेट झाली नाही.

मी पूर्वी ज्या संस्थेत नोकरीला होतो तिथे हा प्रकार अगदी छोट्या आकारात पाहायला मिळाला. प्रमुखांचे स्वीय सहायक बैठकीत कधीही वाद घालत नसत. सगळ्यांचे बोलून झाले की ते समोरची फाईल बंद करत, तिची नाडी सावकाश बांधत आणि म्हणत, ‘सरांना हे रुचेल असे वाटत नाही.’ त्यानंतर त्या विषयावर कुणी बोलत नसे. एकदा प्रमुखांनीच भर बैठकीत विचारले, की ती अमुक योजना पुढे का सरकली नाही, मला तर ती पसंत होती. सगळ्यांच्या माना सहायकांकडे वळल्या. ते शांतपणे म्हणाले, ‘तेव्हा आपली प्रकृती ठीक नव्हती, सर.’ आणि खरे सांगायचे तर ते खोटे बोलत होते असे मला आजही म्हणवत नाही. वर्षानुवर्षे एका माणसाच्या आवडीनिवडी सांभाळताना त्याचे मन आपल्याला पुरते कळते, अशी त्यांची प्रामाणिक समजूत झाली होती. लबाड सल्लागार निदान केव्हातरी पकडला जातो. अशी समजूत झालेला सापडणे फार कठीण.

मग असा एक माणूस नसलेलाच बरा, असे कुणीही म्हणेल, आणि तसे म्हणून पाहणारे नेते झालेही आहेत. वॉटरगेटनंतर, म्हणजे विरोधी पक्षाच्या कचेरीतल्या चोरीचा तपास दडपल्यावरून अध्यक्ष निक्सन यांना जावे लागल्यानंतर, अमेरिकेत बंद दाराआडच्या सल्लागाराचा एवढा उबग आला होता, की जेराल्ड फोर्ड यांनी सुरुवातीला अनेकांना थेट आपल्यापर्यंत येण्याची मुभा ठेवली. आसाभोवती आऱ्या असाव्यात तशी ती रचना होती. ती चालली नाही. अध्यक्षांचा दिवस किरकोळ तंट्यांत जाऊ लागला आणि आधी डोनाल्ड रम्सफेल्ड व मग डिक चेनी यांच्या हाती दाराची किल्ली आली. चेनी त्या वेळी जेमतेम चौतिशीचे होते. त्यांच्या निरोपसमारंभात सहकाऱ्यांनी त्यांना सायकलचे एक चाक भेट दिले, ज्याची एक आरी सोडून बाकी सगळ्या मोडलेल्या होत्या. चेनींनी ते चाक कार्टर यांच्या माणसांसाठी मागेच ठेवले, या आऱ्यांपासून सावध राहा अशा चिठ्ठीसकट. जिमी कार्टर यांनी ते मनावर घेतले नाही. अडीच वर्षे त्यांनी चीफ ऑफ स्टाफ नेमलाच नाही आणि जुलै १९७९ मध्ये अखेर हॅमिल्टन जॉर्डन यांना त्या पदावर बसवले.

कौटिल्याने या प्रश्नाचा विचार केला होता. त्याचे म्हणणे असे, की मंत्री एकच असला तर तो बेबंद होतो. दोन असले तर एक होऊन राजाला गुंडाळतात किंवा भांडून त्याचा नाश करतात. म्हणून तीन किंवा चार असावेत. आधुनिक काळात याच्या सर्वांत जवळ गेले ते रोनाल्ड रेगन यांचे पहिले चार वर्षांचे कार्यालय, जिथे जेम्स बेकर, एडविन मीस आणि मायकेल डीव्हर या तिघांत काम वाटलेले होते. तिघांचे एकमेकांशी फारसे सख्य नव्हते, पण त्यामुळेच ‘अध्यक्षांच्या मनात असे आहे’ हे एकाचे वाक्य दुसऱ्याला तपासता येत होते. दुसऱ्या कारकिर्दीत ती जागा एकट्या डोनाल्ड रीगन यांच्याकडे आली आणि १९८७ च्या फेब्रुवारीत, इराणला शस्त्रे विकल्याच्या प्रकरणाचा अहवाल आल्यानंतर, त्यांना जावे लागले.

या सगळ्यांत मला सर्वांत विचार करायला लावतो तो एच. आर. हाल्डमन. रिचर्ड निक्सन यांचा हा चीफ ऑफ स्टाफ आधी जाहिरातीच्या धंद्यात होता. डोक्यावर बारीक कापलेले केस, हातात पिवळ्या कागदांची वही, आणि कुणालाही तोंडावर नकार देण्याची तयारी. निक्सन संतापाच्या भरात वाटेल ते हुकूम सोडत. हाल्डमन ते निमूटपणे टिपून घेई आणि त्यांतल्या काहींवर तसाच बसून राही, कारण दुसऱ्या दिवशी साहेबांचा राग ओसरलेला असेल हे त्याला ठाऊक होते. १९७१ च्या उन्हाळ्यात निक्सन यांनी ब्रुकिंग्ज या अभ्याससंस्थेत घुसून कागदपत्रे उचलून आणायला सांगितल्याचे त्यांच्याच कार्यालयातल्या ध्वनिफितींत नोंदले गेले आहे. ती घरफोडी झाली नाही. साहेबांच्या तोंडी काय आहे आणि खरोखर मनात काय आहे, यातला फरक ओळखून वागणे ही या पदाची सर्वांत मोठी कामगिरी, आणि तिचे श्रेय कुणालाही मिळत नाही, कारण जे घडलेच नाही त्याची बातमी होत नसते.

याच माणसाने २३ जून १९७२ रोजी सकाळी निक्सन यांच्यासमोर एक तोडगा ठेवला. वॉटरगेटमधल्या चोरीला सहा दिवस झाले होते आणि एफबीआयचा तपास पैशाच्या मागावर नको तिथे पोहोचत होता. सीआयएकरवी एफबीआयला सांगावे, की यात पडू नका, असा तो तोडगा. निक्सन यांनी मान्यता दिली. ही फीत ५ ऑगस्ट १९७४ रोजी बाहेर आली आणि चार दिवसांत निक्सन यांचे अध्यक्षपद संपले. हाल्डमन पुढे दीड वर्ष तुरुंगात होता. त्या संभाषणाचा उतारा वाचताना अंगावर काटा येतो तो कारस्थानामुळे नव्हे. सगळे बोलणे एखादे प्रलंबित प्रकरण निकाली काढावे अशा सुरात चाललेले आहे. दुसऱ्याचे अविचारी हुकूम चाळणीतून काढणाऱ्याला स्वतःचा प्रस्ताव चाळून पाहावा असे वाटले नाही, आणि त्या खोलीत तो चाळणारा तिसरा माणूस नव्हता.

ब्रिटनमध्ये १९९७ साली नेत्याच्या नावाने बोलण्याला थेट कायद्याचाच आधार मिळाला. टोनी ब्लेअर यांनी सत्तेवर येताच एक आदेश काढून घेतला, ज्यान्वये पंतप्रधानांच्या कार्यालयातील जास्तीत जास्त तीन राजकीय सल्लागारांना सरकारी अधिकाऱ्यांना हुकूम देण्याची मुभा मिळाली. तिचा लाभ जोनाथन पॉवेल आणि ॲलेस्टर कॅम्पबेल यांना झाला. या तरतुदीवर टीकेची झोड उठली आणि २००७ मध्ये गॉर्डन ब्राउन यांनी आल्या आल्या ती रद्द केली. माझे मत मात्र थोडे वेगळे आहे. पॉवेल यांना अधिकार होता हे सगळ्यांना माहीत होते, तो कागदावर होता, म्हणून त्याला आक्षेपही घेता आला. तरतूद रद्द झाल्याने पंतप्रधानांच्या निकटच्या माणसाचा फोन आल्यावर अधिकारी उठून उभे राहायचे थांबले, असे समजण्याचे काही कारण नाही.

सल्लागार तोंडाने काही न बोलताही नेत्याच्या नावाने बोलत असतो, याचे उदाहरण मार्गारेट थॅचर यांच्या काळात आहे. ॲलन वॉल्टर्स हे त्यांचे आर्थिक सल्लागार. युरोपीय विनिमयदरांच्या व्यवस्थेविषयी त्यांचे मत प्रतिकूल होते आणि अर्थमंत्री नायजेल लॉसन यांचे अनुकूल. ऑक्टोबर १९८९ मध्ये वॉल्टर्स यांच्या एका लेखातला मजकूर वर्तमानपत्रात आला. लेख जुना होता, पण त्याने काय फरक पडतो? पंतप्रधानांचा माणूस असे म्हणतो म्हणजे पंतप्रधानांनाच तसे वाटते, हाच अर्थ बाजाराने घेतला असता. वॉल्टर्सना दूर करा, असे लॉसन यांनी सांगितले. थॅचर यांनी नकार दिला. लॉसन यांनी राजीनामा दिला आणि त्याच दिवशी वॉल्टर्सही गेले. सल्लागाराला वाचवायला जाऊन थॅचर यांनी सहा वर्षे सोबत असलेला अर्थमंत्रीही गमावला आणि सल्लागारही. लॉसन यांना पुष्कळदा अहंकारी म्हटले जाते, पण या बाबतीत मला त्यांचे म्हणणे पटते: एका खात्याला दोन तोंडे असली, की ऐकणारा आपल्या सोयीचे तेवढे ऐकतो.

उलट बाजूचे उदाहरण कॅनडातले. पंतप्रधान स्टीफन हार्पर यांचे चीफ ऑफ स्टाफ नायजेल राइट यांनी २०१३ मध्ये माइक डफी या सिनेटरला वादग्रस्त भत्ते परत भरता यावेत म्हणून स्वतःच्या खिशातून नव्वद हजार डॉलरहून अधिक रकमेचा धनादेश दिला. पुढे पोलिसांच्या कागदपत्रांतून राइट यांचा एक ईमेल बाहेर आला, ज्यात पंतप्रधानांकडून होकार असल्याचे त्यांनी सहकाऱ्यांना कळवले होते. त्या होकारात नेमके काय काय धरले होते, यावर भरपूर काथ्याकूट झाला. धनादेशाची आपल्याला कल्पना नव्हती, असे हार्पर सांगत राहिले. राइट यांनी मे महिन्यात पद सोडले, २०१६ मध्ये न्यायालयाने डफी यांना सर्व आरोपांतून मुक्त केले, आणि न्यायाधीशांनी निकालात पंतप्रधान कार्यालयाच्या वागणुकीवर कडक शब्दांत ताशेरे ओढले. मला त्यात जाणवते ते एवढेच, की साहेबांचा होकार आहे असे लेखी कळवूनही साहेबांनी नेमके कशाला हो म्हटले ते कुणालाच ठामपणे सांगता आले नाही. काही वेळा नेत्यालाही ते तसेच हवे असते. काम व्हावे, पण आपल्याला माहीत नसावे, यासाठी सल्लागारासारखी दुसरी सोय नाही.

भारतात या पदाला खरे राजकीय वजन आले ते पी. एन. हक्सर यांच्यामुळे. १९६७ मध्ये ते इंदिरा गांधींचे सचिव झाले, पुढे प्रधान सचिव. जुलै १९६९ मध्ये चौदा बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले, काँग्रेस फुटली, १९७१ चे युद्ध झाले. या सगळ्या काळात पंतप्रधानांच्या निर्णयांमागची मांडणी मोठ्या प्रमाणावर त्यांच्या लेखणीतून उतरत होती. हक्सर यांचा विशेष हा, की ते टिपणे लिहीत. आपले मत काय, ते का, आणि पंतप्रधानांनी काय करावे, हे स्पष्ट शब्दांत कागदावर असे, त्यामुळे आज त्यांच्याशी असहमत होणाऱ्यालाही नेमके कशाशी असहमत व्हायचे ते ठाऊक असते. संजय गांधींच्या मोटारप्रकल्पाविषयीची नापसंती त्यांनी लपवली नाही. १९७३ मध्ये ते त्या पदावरून बाहेर पडले, आणीबाणीत त्यांच्या वृद्ध काकांना अटक झाली, आणि हक्सर स्वतः त्याच काळात नियोजन आयोगाचे उपाध्यक्ष होते. ते तिथे का राहिले, हा प्रश्न मला आजही सतावतो. पण नकार कागदावर नोंदवण्याची त्यांची रीत मात्र मला या पदावरच्या कोणत्याही हुशारीपेक्षा मोलाची वाटते.

कारण यावरचा इलाज, असलाच तर, कागदातच आहे. वरिष्ठांचा आदेश शक्यतो लेखी असावा आणि तोंडी दिला असल्यास त्याला नंतर लेखी दुजोरा मिळावा, हे अखिल भारतीय सेवांच्या १९६८ च्या वर्तणूक नियमांत आहे. २०१३ च्या ऑक्टोबरमध्ये टी. एस. आर. सुब्रमणियन आणि इतरांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयानेही सांगितले, की अधिकाऱ्यांनी तोंडी सूचनांवर कामे करू नयेत आणि अशा सूचनांची नोंद ठेवावी. नियम चांगला आहे. अडचण अशी, की सल्लागाराचा फोन हा आदेश नसतोच. तो चौकशी करतो, आठवण करून देतो, ‘साहेब विचारत होते’ एवढेच म्हणतो, आणि विचारपूस कुणी नोंदवत नाही. हे थांबवू शकणारा एकच माणूस असतो, तो म्हणजे स्वतः नेता. अमुक बाबतींत माझ्या सहीशिवाय माझ्या कोणत्याही माणसाचा शब्द ग्राह्य धरू नका, असे तो पहिल्याच आठवड्यात सर्व खात्यांना कळवू शकतो. तसे पत्रक काढणारा नेता माझ्या पाहण्यात नाही, आणि त्यामागचे कारण ओळखणे अवघड नाही: त्या पत्रकाने सल्लागाराचे हात बांधले जातील, तसेच ‘मला याची कल्पना नव्हती’ असे म्हणण्याची नेत्याची स्वतःची वाटही बंद होईल.